मागितला की गोपनीय, जागा हवी झाली की रद्दी : संरक्षण प्रयोगशाळांना एक खुले पत्र

प्रति,
वैमानिकी, इंजिन आणि क्षेपणास्त्र संशोधन करणाऱ्या संरक्षण प्रयोगशाळांचे संचालक आणि अभिलेख अधिकारी यांस,

महोदय, महोदया,
सप्रेम नमस्कार.

आपल्यापैकी एका प्रयोगशाळेत गेल्या स्वच्छता मोहिमेत जुन्या विंड टनेल विभागाच्या खोल्या रिकाम्या करण्यात आल्या. विंड टनेल म्हणजे वेगाने हवा सोडून विमानाच्या मॉडेलची चाचणी घेण्याचा बोगदा. नाव मुद्दाम लिहीत नाही, कारण हा एका इमारतीपुरता प्रश्न नाही. त्या खोल्यांत रनची, म्हणजे एकेका चाचणीची, लॉगबुकं होती, चार्ट रेकॉर्डरच्या गुंडाळ्या होत्या, मॅनोमीटरच्या (हवेचा दाब दाखवणाऱ्या नळ्यांच्या) फोटोंच्या फिल्म, श्लिरेनच्या (हवेचा प्रवाह टिपणाऱ्या छायाचित्रांच्या) काचा आणि हाताने काढलेले आलेख होते. कागद यंत्रात घालून बारीक केले. पोलादी मॉडेलं भंगाराच्या लिलावात वजनावर गेली. डेडस्टॉक रजिस्टरात त्यांच्यापुढे ‘निरुपयोगी’ असा शेरा पडला.

त्याआधी काही महिने एका तरुण अभ्यासकाने यातलीच काही लॉगबुकं बघायला मागितली होती. अर्ज रीतसर होता आणि काम केव्हाच बंद पडलेल्या प्रकल्पाचं होतं. उत्तर एका ओळीचं आलं : साहित्य गोपनीय असल्याने उपलब्ध करून देता येत नाही.

कागद तोच. मागितला तेव्हा गोपनीय आणि कपाट रिकामं करायचं ठरलं तेव्हा रद्दी. तो खरंच गोपनीय असेल तर त्याला मोल होतं, मग तो जपायला हवा होता. मोल नसेल तर त्या मुलाला दाखवायला हरकत कसली होती? या दोन्हींतलं एक काहीतरी खरं असलं पाहिजे. कुठलं, हे विचारण्यासाठी हे पत्र आहे आणि ते खुलं आहे, कारण बंद पाकिटातल्या पत्रांना अजून उत्तर आलेलं नाही.

मी कोण, हेही सांगते. उमेदीची सगळी वर्षं मी अशाच एका प्रयोगशाळेच्या मापन विभागात काढली. शास्त्रज्ञ म्हणून नव्हे, तांत्रिक कर्मचारी म्हणून. माझं नाव कुठल्या अहवालावर नाही आणि त्याबद्दल माझी तक्रारही नाही. पण त्या अहवालांतले आकडे कसे जन्माला येतात हे मी हाताने केलेलं आहे.

ब्लोडाऊन टनेलमध्ये टाक्यांत हवा दाबून भरायला बराच वेळ जातो आणि प्रत्यक्ष रन असतो काही सेकंदांचा. भोंगा व्हायचा, झडप उघडायची, कानठळ्या बसायच्या आणि तेवढ्यात सगळं उरकायचं. स्टिंगवर, म्हणजे आधाराच्या दांड्यावर, बसवलेलं मॉडेल एका कोनातून दुसऱ्या कोनात न्यायचं, बॅलन्स नावाच्या मापकावरची बलं आणि आघूर्णं टिपायची, मॅनोमीटरच्या नळ्या फोटोत पकडायच्या. फिल्म धुऊन आली की भिंगाखाली एकेका नळीतल्या द्रवाची उंची वाचून वहीत उतरवायची. आमच्याकडे हे वाचनाचं काम बहुतेक बायकाच करत. नळ्या पुष्कळ, रन पुष्कळ, डोळे दोनच.

त्या वह्यांच्या समासात पेन्सिलीने शेरे असायचे. ‘नळी १४ तुंबलेली.’ ‘मॉडेल थरथरलं, सर म्हणाले पुन्हा घ्या.’ ‘हा रन धरू नये.’ छापील अहवालात तो रन नसतो. तो का नसतो, हे फक्त समासात असतं. पुढे वीस-तीस वर्षांनी कुणी तसाच आकार संगणकावर उभा करून जुन्या मापांशी ताडून पाहू म्हणेल, तेव्हा त्याला कुठला आकडा भरवशाचा आणि कुठला नाही हे सांगणारी दुसरी जागा नाही. मी म्हणते ती रद्दी ही.

आता आपण म्हणाल, जुन्या कागदांचा एवढा उमाळा कशाला? म्हणून थोडा इतिहास सांगते. आपल्याला तो ठाऊक असेलच, पण हे पत्र इतरही वाचणार आहेत.

१९४५ मध्ये जर्मनी कोसळत असताना दोस्त राष्ट्रांनी विमानं आणि इंजिनं तर उचललीच, पण त्यांची खास पथकं कागदांमागे होती. ब्राउनश्वाइगजवळ फोल्केनरोड इथे झाडीत दडवलेली एक अख्खी वैमानिकी संशोधनसंस्था त्यांच्या हाती लागली. वायुगतिशास्त्रज्ञ थिओडोर फॉन कार्मान यांच्याबरोबर तिथे गेलेल्यांत बोइंगचे जॉर्ज शायरर होते. मागे वळवलेल्या पंखांच्या विंड टनेल चाचण्यांचे आकडे त्यांनी तिथे पाहिले आणि सिएटलला पत्र धाडलं. बोइंगच्या नव्या जेट बाँबरचा सरळ पंख बदलला आणि त्यातून बी-४७ उभं राहिलं. या पंखाची कल्पना आडोल्फ बुझेमान यांनी १९३५ मध्येच रोमच्या परिषदेत सर्वांसमक्ष मांडली होती, तेव्हा कुणी फारसं मनावर घेतलं नाही. दहा वर्षांनी पटलं ते चाचण्यांच्या आकड्यांमुळे. जप्त कागद आधी लंडनला आणि मग ओहायोच्या राइट फील्डला नेऊन त्यांची सूची केली, मायक्रोफिल्म काढल्या. अमेरिकेच्या संरक्षण खात्याचं आजचं तांत्रिक माहिती केंद्र आपलं मूळ त्या कामापर्यंत नेऊन सांगतं. जिंकलेल्या सैन्याने शत्रूच्या प्रयोगशाळेचे कागद विमानं भरभरून नेले. आपण आपलेच कागद लिलावाच्या टेम्पोत भरतो.

त्या जर्मन परंपरेचा एक धागा थेट आपल्यापर्यंत येतो. गॉटिंगेनमध्ये वायुगतिशास्त्रज्ञ लुडविग प्रांटल यांच्याकडे शिकून डॉ. विष्णू माधव घाटगे परत आले. १९४० च्या डिसेंबरात वालचंद हिराचंद यांनी बंगळूरला विमानाचा कारखाना काढला, दोन वर्षांनी तिथल्याच विज्ञान संस्थेत वैमानिकी विभाग सुरू झाला, आणि या दोन्ही ठिकाणच्या सुरुवातीच्या कामात घाटगे होते. १९५१ साली उडालेलं एचटी-२ हे प्रशिक्षण विमान त्यांचं, पुढे १९६४ साली उडालेलं किरण हे प्रशिक्षण जेटही त्यांचं. मराठी माणूस वालचंदांचं नाव घेतो, घाटग्यांचं सहसा घेत नाही. घेणार तरी कशाच्या आधारावर? त्यांनी कुठला पंख का निवडला, कुठला टाकून दिला, याच्या वह्या कुठे आहेत हे मी पुष्कळांना विचारून पाहिलं आहे.

युद्ध संपल्यावर दहा वर्षांच्या आतली दुसरी गोष्ट फार्नबरोची. तिथली ब्रिटिश प्रयोगशाळा लष्करी विमानांसाठी उभी राहिलेली, बलून फॅक्टरीपासून वाढत गेलेली. १९५४ मध्ये कॉमेट ही प्रवासी विमानं हवेतच फुटली तेव्हा कारण शोधण्याचं काम तिच्यावर आलं. एक अख्खं कॉमेट पाण्याच्या टाकीत बसवून त्याच्यावर उड्डाणातला दाब पुन्हा पुन्हा दिला. आधीची खरी उड्डाणं आणि टाकीतली धरून ३,०५७ उड्डाणांइतका दाब सोसल्यावर त्याची कातडी फाटली. हे अपयश त्यांनी दडपलं नाही. उघड चौकशी झाली, अहवाल छापला, आणि धातूच्या थकव्याबद्दल जगभरचे विमान बांधणारे शहाणे झाले. तो अहवाल कुणी ‘आपल्या उद्योगाची नाचक्की’ म्हणून कपाटात घातला असता तर किती माणसं गेली असती याचा हिशेब कुणी करू शकत नाही.

फार्नबरोचीही पुढे नावं बदलली, खासगीकरण झालं, जागा मोकळी करण्याची घाई सुटली. त्या वेळी तिथल्याच जुन्या लोकांनी आणि गावकऱ्यांनी न्यास काढून कागद, मॉडेलं, उपकरणं वाचवली. १९३५ चा २४ फुटी टनेल आज संरक्षित वास्तू आहे. हे काम सरकारने केलं नाही, हेही लक्षात घ्यावं. आम्ही निवृत्त माणसं तेच करायला तयार आहोत, पण आम्हाला फाटकाच्या आत घेत नाहीत.

उलट उदाहरण कॅनडाचं. २० फेब्रुवारी १९५९ रोजी एव्ह्रो ॲरो हा लढाऊ विमानाचा प्रकल्प एका दिवसात बंद झाला. तेवढ्यावर न थांबता तयार विमानं कापली, आराखडे नष्ट केले. आज ओटावाच्या संग्रहालयात त्याचं नाक उरलं आहे. आणि चाचण्यांसाठी रॉकेटवर बसवून ओंटारियो सरोवरावर सोडलेली लहान मॉडेलं २०१७ मध्ये तळातून शोधून काढावी लागली, तीही मोठा खर्च करून. त्या देशाला आपल्या इंजिनिअरांचं काम पाणबुड्यांकडून समजून घ्यावं लागलं.

आपल्याकडे बोट दाखवण्याआधी एक मान्य करते. गुप्ततेची गरज मला कळते, मी तिची शपथ घेतलेली आहे आणि अजून पाळते. खुलेपणाचा तोटा होऊ शकतो याचं सगळ्यात बोलकं उदाहरण सोव्हिएत संघातलं आहे. कडांवरून रेडिओलहरी कशा विखुरतात यावरचं प्योत्र उफिम्त्सेव्ह यांचं काम मॉस्कोत १९६२ साली उघडपणे छापलं गेलं, अमेरिकी वायुदलाने १९७१ मध्ये त्याचं भाषांतर करून घेतलं आणि लॉकहीड या विमान कंपनीच्या माणसांना रडारला सहज न दिसणाऱ्या एफ-११७ विमानाचं गणित मांडताना ते हाताशी मिळालं. हे उदाहरण आपल्या बाजूचं आहे असं वाटेल. पण नीट बघा : ते चालू विज्ञान होतं, आणि त्याचं मोल घरच्यांनाच कळलं नव्हतं. मी मागते आहे ते मेलेल्या प्रकल्पांचे कागद. आणि घरच्यांना मोल न कळणं हा रोग तर आपल्यालाही आहे, फक्त आपण छापत नाही, फाडतो.

आता तक्रारी.

सर्वांत मोठी तक्रार कायद्याच्या चक्रव्यूहाची आहे. सार्वजनिक अभिलेख कायदा १९९३ चा आहे. त्यानुसार २५ वर्षांहून जुन्या अभिलेखांची छाननी राष्ट्रीय अभिलेखागाराच्या सल्ल्याने करायची असते. ठरवून दिलेल्या पद्धतीबाहेर अभिलेख नष्ट केल्यास कैदेची तरतूद आहे. वाचायला छान. पण त्याच कायद्यात असंही आहे की गोपनीयतेचा शिक्का असलेला कागद अभिलेखागाराकडे जाऊच शकत नाही. म्हणजे आधी शिक्का उतरवायला हवा. तो उतरवण्यासाठी दर पाच वर्षांनी फेरविचार करावा असं १९९७ चे नियम सांगतात. हा फेरविचार प्रत्यक्षात होतो का? माझ्या नोकरीत मी वार्षिक साठातपासणी पाहिली, अग्निशमनाची तालीम पाहिली, हिंदी पंधरवडा पाहिला. शिक्का उतरवण्याची बैठक पाहिली नाही. शिक्का उतरत नाही म्हणून कागद अभिलेखागारात जात नाही, तिथे जात नाही म्हणून त्याला कुणी वाली नाही, आणि वाली नाही म्हणून कपाट गळायला लागलं की तो पहिला बाहेर पडतो. यात कुणी एक माणूस दोषी नाही. प्रत्येकजण आपापला नियम पाळतो आणि वही मरते.

त्यात २०२१ पासून दर ऑक्टोबरात केंद्रीय कार्यालयांतून जुन्या फायली काढून जागा मोकळी करण्याची मोहीम चालते. किती चौरस फूट मोकळे झाले, भंगारातून किती रुपये आले, याची पत्रकं निघतात. कचेरीतल्या रजेच्या अर्जांची आणि बिलांच्या नकलांची अशी सफाई जरूर करा. पण रजेचा अर्ज आणि टनेलचं लॉगबुक एकाच चाळणीतून जाता कामा नये. चाळणी लावणारा कारकून प्रामाणिक असतो, त्याला चौरस फुटांचं उद्दिष्ट दिलेलं असतं. ‘माख १.२, अल्फा ४, पुनरावृत्ती’ हे वाचून त्याने काय समजावं?

दुसरं. आपल्या प्रयोगशाळांचा इतिहास आज यशाचा इतिहास म्हणूनच सांगितला जातो. स्थापना दिनाच्या फलकांवर पहिलं उड्डाण, पहिली चाचणी, मंत्र्यांची भेट. मधली वर्षं गायब. मारुत या आपल्या लढाऊ जेट विमानाचं उदाहरण घ्या. त्याचे जर्मन रचनाकार कुर्ट टांक १९५६ मध्ये आले, १९५९ मध्ये त्या विमानाचं लाकडी, पूर्ण आकाराचं ग्लायडर डकोटा या मालवाहू विमानामागे ओढून आकाशात नेऊन सोडलं, १९६१ च्या जूनमध्ये खरं विमान उडालं. लाकडाचं लढाऊ विमान दोरीने ओढून त्याची उड्डाणवैशिष्ट्यं तपासायची, ही हिंमत आणि ही काटकसर कुठल्याही देशाने मिरवावी अशी आहे. पण ज्या ताकदीचं इंजिन धरून आखणी केली ते आलंच नाही आणि ४,८५० पौंड रेट्याच्या ऑर्फियस ७०३ इंजिनांच्या जोडीवर ते विमान आयुष्यभर अपुऱ्या दमाने उडत राहिलं. त्यावर उतारा म्हणून बंगळूरच्या गॅस टर्बाइन प्रयोगशाळेने ऑर्फियसला रीहीट, म्हणजे मागच्या झोतात पुन्हा इंधन जाळून रेटा वाढवणारी सोय, बसवलं. त्याच रीहीटवाल्या विमानाच्या अपघातात १० जानेवारी १९७० रोजी चाचणी वैमानिक ग्रुप कॅप्टन सुरंजन दास गेले.

बंगळूरमध्ये त्यांच्या नावाचा रस्ता आहे. रीहीटने रेटा किती वाढला, मागच्या भागाचा आकार बदलल्याने हवेचा विरोध किती वाढला, टनेलमधले आकडे आणि आकाशातले आकडे कुठे जुळले आणि कुठे फाटले, हे मात्र अभ्यासकाला जुन्या वैमानिकांच्या आठवणींतून गोळा करावं लागतं. आठवणी सांगणारेही आता मोजकेच राहिले. पन्नास वर्षं उलटून गेली. ते इंजिन कुणी वापरत नाही, ते विमान संग्रहालयांत आणि चौकांत उभं आहे. शत्रूला त्यातून काय मिळेल? आपल्या विद्यार्थ्यांना मात्र पुष्कळ मिळेल : इंजिन हातात नसताना विमान आखलं की काय होतं.

हाच धडा आपण पुन्हा गिरवला, म्हणून मी एवढी अडून बसते. कावेरी इंजिनाला १९८९ मध्ये ३८२.८१ कोटी रुपयांची मंजुरी मिळाली, खर्चाची मर्यादा पुढे २,८३९ कोटींवर गेली, २०१० च्या नोव्हेंबरात रशियात आयएल-७६ या मालवाहू विमानावर बसवून ते उडालंही, पण ज्या तेजससाठी ते होतं त्यात बसलं नाही. सर्वसामान्य माणसाला कावेरीबद्दल जे कळतं ते महालेखापरीक्षकांच्या अहवालातून आणि त्यावरच्या बातम्यांतून. लेखापरीक्षक त्याचं काम करतो : किती उशीर, किती पैसे. कंप्रेसरच्या पात्यांवर, धातूंवर, उष्ण भागांवर आपल्या माणसांनी काय काय शिकून घेतलं, हे लिहिणं त्याचं काम नाही. ते आपलं होतं. आपण गप्प बसलात म्हणून आपल्या प्रयोगशाळेचं चरित्र हिशेबनिसाने लिहिलं. याची खंत आपल्याला वाटत नसेल तर मला आपल्यासाठी वाटते.

क्षेपणास्त्रांकडेही तसंच. सत्तरच्या दशकात हैदराबादला ‘डेव्हिल’ प्रकल्पात एक सोव्हिएत क्षेपणास्त्र उलगडून तसं बनवायचा खटाटोप झाला, तो गुंडाळला गेला आणि त्यातूनच शिकलेल्या हातांनी पुढे १९८८ मध्ये ‘पृथ्वी’ उडवलं. यश अपयशाच्या खांद्यावर उभं आहे, हे आपणच भाषणांत सांगता. मग खांदा दाखवा की.

तिसरी तक्रार थोडक्यात, पण मला जवळची. कायद्यात ‘अभिलेख’ म्हणजे कागद, फिल्म, संगणकातली सामग्री. मॉडेल, बॅलन्स, टेस्ट बेडवर फुटलेलं पातं, यांना कायद्यात जागाच नाही. डेडस्टॉकच्या नियमाने ते भंगार. इंजिनाचं फुटलेलं पातं हे शंभर पानांच्या अहवालाहून जास्त बोलतं, हे मी आपल्याला सांगावं असं नाही.

आणि माणसं. डॉ. कलामांनी सुरुवातीच्या नोकरीत बंगळूरला ‘नंदी’ नावाचं हॉवरक्राफ्ट केलं, हे आपण सगळे जाणतो, कारण ते पुढे राष्ट्रपती झाले. त्या नंदीवर पत्रा वाकवणारे फिटर कोण होते? आपल्या मुलाखतींच्या योजना असल्याच तर त्या माजी संचालकांपाशी सुरू होतात आणि तिथेच संपतात. मॉडेल घासून पंखाची कड बरोबर आणणारा मॉडेलमेकर, स्ट्रेन गेज (ताण मोजणारी पट्टी) चिकटवणारी बाई, झडपेवर बसलेला ऑपरेटर यांच्या ज्ञानाची नोंद कुठल्याच फायलीत नसते. १९९८ च्या अणुचाचण्यांनंतर निर्बंध आले, हलक्या लढाऊ विमानाच्या उड्डाणनियंत्रणाचं परदेशातलं सहकार्य तुटलं, तेव्हा आपल्या लोकांनी इथेच बसून काम पुरं केलं आणि ४ जानेवारी २००१ रोजी विमान उडालं. ही गोष्ट सांगणारे लोक आज निवृत्त आहेत, हाती-पायी धड आहेत, बोलायला उत्सुक आहेत. अजून दहा वर्षांनी हे वाक्य मला भूतकाळात लिहावं लागेल.

जून २०२१ मध्ये संरक्षण मंत्रालयाने युद्धांच्या आणि मोहिमांच्या इतिहासासाठी धोरण आणलं. २५ वर्षांहून जुने अभिलेख तज्ज्ञांकडून तपासून राष्ट्रीय अभिलेखागाराकडे द्यावेत असं त्यात आहे. स्वागतच आहे. पण त्याचा रोख युद्धडायऱ्यांवर आहे. शस्त्र ज्यांनी घडवलं त्यांच्या डायऱ्या त्यात कुठे बसतात हे स्पष्ट नाही. माहितीच्या अधिकाराचं विचाराल तर संरक्षण संशोधन संघटना त्या कायद्याच्या दुसऱ्या अनुसूचीत आहे, म्हणजे काही अपवाद सोडता तो कायदा आपल्याला लागू नाही. ठीक. लागू नाही म्हणजे मागितलं तर द्यायची सक्ती नाही. स्वतःहून द्यायला बंदी तर कुणी घातलेली नाही? अमेरिकेत २५ वर्षं झालेला गोपनीय कागद ठरावीक अपवाद सोडून आपोआप खुला धरतात. त्यांच्याकडे गुपितं कमी आहेत असं कुणी म्हणणार नाही. ‘नाका’ (NACA) या नासाच्या आधीच्या अमेरिकी संस्थेच्या १९३३ च्या अहवालात पंखाच्या ७८ छेदाकारांचे आकडे आहेत, ते आजही कुठल्याही कॉलेजातला मुलगा घरबसल्या उतरवून घेतो. आमच्या मुलाला परक्या देशाचा नव्वद वर्षांपूर्वीचा रन मिळतो, स्वतःच्या देशाचा पन्नास वर्षांपूर्वीचा मिळत नाही.

मागण्या साध्या आहेत.

२५ वर्षांहून जुन्या सर्व तांत्रिक नोंदींचं नष्टीकरण आजपासून थांबवा. लॉगबुकं, चार्ट, फिल्म, काचा, आराखडे, चुंबकीय फिती, सगळ्यांचं. राष्ट्रीय अभिलेखागाराचा माणूस आणि त्या विषयातला एक निवृत्त तंत्रज्ञ यांनी सही केल्याशिवाय एकही वही यंत्रात जाऊ नये. स्वच्छता मोहिमेच्या उद्दिष्टांतून प्रयोगशाळांचे तांत्रिक विभाग वगळा, तसं लेखी परिपत्रक काढा.

पाच वर्षांच्या फेरविचाराचं वेळापत्रक जाहीर करा. कागद नका दाखवू, निदान यादी दाखवा : विषय, वर्ष, शिक्का कायम की उतरवला. सुरुवात बंद पडलेल्या आणि सेवेतून गेलेल्या गोष्टींपासून करा. मारुतचं ग्लायडर आणि टनेल चाचण्या, ऑर्फियसचं रीहीट, साठच्या दशकातली आपली पहिली गॅस टर्बाइन, डेव्हिल. यातलं एखादं पान आजही धोक्याचं असेल तर ते पान काळं करा, पुस्तक जाळू नका.

वस्तूंसाठी वेगळं रजिस्टर ठेवा, भंगारात काढण्याआधी ते विज्ञान संग्रहालयांना कळवा, आणि कुणी मागितलं तर लिलावाऐवजी त्यांना द्या. भंगाराच्या पैशांनी कुठल्याही प्रयोगशाळेचं अंदाजपत्रक हललेलं माझ्या ऐकिवात नाही.

मुलाखती नोंदवा, आणि फिटरपासून सुरू करा. बंगळूर आणि हैदराबादला प्रत्येकी एक वाचनखोली द्या. ओळखपत्र तपासा, फोन बाहेर ठेवायला लावा, सोबत पहारेकरी बसवा, आमची हरकत नाही.

ज्या प्रयोगशाळेतून ती लॉगबुकं गेली, तिने काय काय नष्ट झालं याची यादी जाहीर करावी. यादीच केली नसेल तर तसं लिहून द्यावं, म्हणजे पुढच्या अभ्यासकाने कुठे शोधू नये हे तरी त्याला कळेल.

या कामाला माणसं नाहीत, असं उत्तर येईल हे मला दिसतं आहे. माणसं आहेत. आम्ही काहीजण जुने सहकारी वर्गवारीचं काम मानधनाशिवाय करायला तयार आहोत. आमच्या गोपनीयतेच्या शपथा अजून लागू आहेत, आम्हाला त्या विभागांतलं अक्षरन् अक्षर ओळखता येतं आणि एकमेकांची हस्ताक्षरंही. तसं लेखी निवेदन, नावं आणि पूर्वीच्या विभागांसह, आपल्या कार्यालयांकडे टपालाने पाठवत आहोत. पुढच्या २ ऑक्टोबरला नवी मोहीम सुरू होईल. उत्तर त्याआधी यावं.

आपली,
मापन विभागातली एक निवृत्त कर्मचारी